म्हाताऱ्या रणगाड्यांचं कौतुक पुरे

ऑक्टोबर २०१६ मध्ये इराकमधलं मोसुल आयसिसकडून परत घेण्याची मोहीम सुरू झाली, तेव्हा शहराच्या पूर्वेकडच्या खाझिर आणि बाशिका आघाड्यांवरून आलेली छायाचित्रं जगभर फिरली. उघडं माळरान, मातीचे उंच बांध, त्यांमागे पेशमर्गांच्या, म्हणजे इराकमधल्या कुर्द सैनिकांच्या, टोयोटा गाड्यांची रांग आणि मधूनच काळा धूर ओकत चाललेला एखादा टी-५५. दुसरं महायुद्ध संपता संपता ज्याचा आराखडा कागदावर आला, त्या घराण्यातला हा सोव्हिएत रणगाडा. त्याच्या बुरुजावर लाल-पांढरा-हिरवा, मधोमध सूर्य असलेला कुर्दिस्तानचा झेंडा. ही छायाचित्रं ज्यांनी पाहिली त्यांना ती आवडली. यंत्रांचे शौकीन खूश झाले, कारण साठ वर्षं जुनं लोखंड अजून चालतंय. राजकारण न कळणारेही खूश झाले, कारण आयसिसच्या विरोधात कोणीतरी उभं आहे, तेही मोडक्यातोडक्या सामानानिशी.

तेच पुढे मार्च २०२३ मध्ये रशियानं गोदामांत पडलेले टी-५४ आणि टी-५५ रेल्वेवर चढवून युक्रेनच्या दिशेनं धाडले, तर सगळं जग हसलं. महासत्तेवर काय वेळ आली म्हणून व्यंगचित्रं निघाली. रणगाडा एकच, पण रशियाच्या हाती तो नामुष्की ठरला आणि कुर्दांच्या हाती शौर्य. असं का होतं, याचा विचार करायला हवा. रशियाकडे त्याहून चांगलं काही असायला हवं, ही आपली अपेक्षा असते. कुर्दांकडून ती नसते. त्यांच्याकडे जुनंच असणार, हे आपण गृहीत धरलेलं आहे आणि ते कोणी गृहीत धरायला लावलं हे विचारायचं सोडून आपण कौतुक करत बसतो.

माझं म्हणणं सरळ आहे. कुर्दांच्या हातातला टी-५५ हा त्यांच्या चिवटपणाचा पुरावा आहेच, पण त्याआधी तो एका ठरवून पाळलेल्या धोरणाचा पुरावा आहे. लढायला माणसं तुमची, जमीन जिंकायची आमच्या सोयीची, आणि ती जमीन राखता येईल असं कुठलंही जड शस्त्र मात्र तुम्हाला मिळणार नाही, असं ते धोरण. ते कोणी कागदावर लिहिलेलं नाही. पण गेल्या पन्नास वर्षांतले प्रसंग एकापुढे एक ठेवले तर ते स्पष्ट वाचता येतं.

हे रणगाडे तिथे पोचले कसे, इथून सुरुवात करू. कुर्दांना ते कोणी विकले नाहीत. १९५८ मध्ये इराकमध्ये राजेशाही उलथली, अब्दुल करीम कासिम सत्तेवर आले आणि बगदादनं शस्त्रांसाठी मॉस्कोकडे तोंड वळवलं. त्याच वर्षी कुर्दांचे नेते मुल्ला मुस्तफा बारझानी इराकमध्ये परतले. कुठून, तर सोव्हिएत संघातून! १९४६ मध्ये इराणच्या हद्दीत महाबादचं कुर्द प्रजासत्ताक जेमतेम वर्षभर टिकलं होतं. ते कोसळल्यावर बारझानी सुमारे पाचशे साथीदारांसह डोंगर ओलांडत सोव्हिएत हद्दीत गेले आणि अकरा वर्षं तिथेच राहिले. कासिम यांनी त्यांना सन्मानानं परत बोलावलं. १९६१ पर्यंत दोघांचं फाटलं होतं आणि बगदादची सोव्हिएत विमानं व तोफा कुर्द गावांवर चालू लागल्या होत्या. ज्यानं आसरा दिला त्याच्याच कारखान्यातले गोळे अंगावर यायला तीन वर्षं पुरली. मॉस्कोला यात काही विसंगती वाटली असेल असं मला वाटत नाही. बारझानी हा पाहुणा होता, इराक हे गिऱ्हाईक होतं.

दुसऱ्या बाजूचे लोकही काही वेगळे नव्हते. एप्रिल १९७२ मध्ये इराक आणि सोव्हिएत संघ यांच्यात मैत्रीचा करार झाला. त्यानंतर इराणचे शाह, इस्रायल आणि अमेरिका यांनी मिळून बारझानींना गुपचूप मदत सुरू केली. ती अमेरिकेची दिसू नये म्हणून त्यात सोव्हिएत बनावटीची शस्त्रं होती. १९७४ मध्ये युद्ध पेटलं तेव्हा इराणी तोफखाना कुर्दांच्या पाठीशी उभा होता, म्हणजे जड शस्त्रं होती पण ती इराणच्या ताब्यात. ६ मार्च १९७५ ला अल्जीयर्समध्ये शाह आणि सद्दाम हुसेन यांचा शत्त-अल-अरब या सीमेवरच्या नदीच्या पाण्यावरून समझोता झाला आणि तो तोफखाना मागे फिरला. पाठोपाठ कुर्दांचा प्रतिकार कोलमडला. त्यांच्या हातात बंदुका होत्या, पण तोफांना उत्तर देणारं त्यांचं स्वतःचं असं काही नव्हतं. पुढे अमेरिकी प्रतिनिधीगृहाच्या चौकशीतून ही हकिकत बाहेर आली. कुर्द जिंकावेत असा मदत करणाऱ्यांचा हेतूच नव्हता, इराकला जखम वाहती ठेवण्याइतपतच त्यांना लढतं ठेवायचं होतं, हेही तेव्हा उघड झालं. या एका प्रसंगातला नमुना नंतर पुन्हा पुन्हा गिरवला गेला.

१९८० च्या दशकात इराणशी लढताना इराकनं मिळेल तिथून रणगाडे घेतले. सोव्हिएत टी-५५, टी-६२ आणि टी-७२, आणि त्याच घराण्याचे चिनी टाइप-५९ व टाइप-६९. १९९० पर्यंत इराककडे साधारण साडेपाच हजार रणगाडे होते. त्यांतले किती कुर्द गावांवरून फिरले, याचा हिशेब कोणी ठेवलेला नाही. सद्दामनं कुर्दांविरुद्ध चालवलेल्या १९८८ च्या अन्फाल मोहिमेत हजारो गावं जमीनदोस्त झाली आणि १६ मार्च १९८८ ला हलब्जावर विषारी वायू सोडला गेला, त्यात सुमारे पाच हजार माणसं मेली.

कुवेतमधून इराकी फौज हाकलली गेल्यावर मार्च १९९१ मध्ये कुर्दांनी उठाव केला. रानिया गावात ठिणगी पडली आणि दोन आठवड्यांत किर्कुक त्यांच्या हातात आलं. छावण्यांमागून छावण्या पडल्या, इराकी शिपाई शस्त्रं टाकून घरी गेले आणि पेशमर्गांना पहिल्यांदाच मोठ्या संख्येनं रणगाडे मिळाले. ते चालवणारी माणसंही त्यांच्यात होती. सद्दामच्या सैन्यात सक्तीची भरती झालेले कुर्द तरुण तेच यंत्र शिकून आले होते. पण किर्कुक आठवडाभरात गेलं. इराकी लष्कराची हेलिकॉप्टरं उडत राहिली, कारण अमेरिकेनं युद्धबंदीत हेलिकॉप्टरांवर बंदीच घातली नव्हती. दहा लाखांहून अधिक माणसं बर्फातून इराण आणि तुर्कस्तानच्या सीमेकडे धावली. त्यांची दैना टीव्हीवर दिसल्यावर मग विमानबंदीचा पट्टा आला. ऑक्टोबर १९९१ मध्ये सद्दामनं उत्तरेतून फौजा मागे घेतल्या आणि कुर्दांना त्यांचा स्वायत्त तुकडा मिळाला. तेव्हाचे आणि मग २००३ मध्ये सद्दामची फौज वितळली तेव्हा हाती लागलेले रणगाडे, हीच पेशमर्गांची रणगाडा-संपत्ती. एकही विकत घेतलेला नाही, एकही भेट आलेला नाही. जो त्यांना मारायला आला आणि सोडून पळाला, तोच त्यांचा झाला.

आता थोडं यंत्राबद्दल, कारण ते टिकलं कसं हेही या गोष्टीत मोडतं. टी-५५ चं वजन सुमारे ३६ टन, तोफ १०० मिलिमीटरची, आत चार माणसं. जागा इतकी अपुरी की सोव्हिएत लष्कर बुटक्या शिपायांना पसंती द्यायचं म्हणतात, आणि गोळा भरणाऱ्याला तोफेशेजारी वाकून कसरत करावी लागते. डिझेल इंजिन बारा सिलिंडरचं, महायुद्धातल्या टी-३४ च्या इंजिनाचं थेट वंशज. नकलांसह या कुळाचे पन्नास हजारांहून कितीतरी अधिक रणगाडे बनले, त्यामुळे सुटे भाग कुठे ना कुठे सापडतात आणि ट्रॅक्टर दुरुस्त करणारा हुशार मिस्त्री याचं इंजिन समजू शकतो. कुठला संगणक नाही, विकणाऱ्या कंपनीचा इंजिनियर येऊन बसावा लागत नाही. तोट्याची बाजूही आहे. बुरुज बुटका असल्यानं तोफेचं तोंड फारसं खाली वळत नाही. सपाट रशियन स्टेपवर हे चालून जातं, पण टेकडीआड उभं राहून फक्त तोफ वर काढून मारायचं म्हटलं तर अडचण होते. कुर्दिस्तानात टेकड्याच टेकड्या. म्हणून पेशमर्गांनी त्याचा वापर बहुतेक वेळा रणगाडा म्हणून केलाच नाही. मातीच्या बांधावर चढवायचा, तिथून गोळे टाकायचे आणि खाली उतरवायचा. चालती तोफ. आयसिसच्या काळात सिंजारपासून खानकिनपर्यंत पसरलेली त्यांची आघाडी हजार किलोमीटरच्या घरात होती. तेवढ्या लांबीला हे मूठभर रणगाडे म्हणजे आमटीत हिंगाइतके.

हेच यंत्र भारताकडेही होतं. १९७१ च्या युद्धात ते लढलं, नंतर टी-७२ आले आणि यथावकाश टी-५५ लष्करातून बाहेर पडला. आज तो छावण्यांच्या दारात आणि शहरांच्या चौकांत रंग देऊन उभा केलेला दिसतो. नगरला चिलखती दलाचं प्रशिक्षण केंद्र आहे, तिथल्या रणगाडा संग्रहालयात सहलीला आलेली मुलं जुन्या रणगाड्यांशेजारी उभं राहून फोटो काढतात. शस्त्र म्हातारं झालं की त्याला निवृत्त करता येणं ही राष्ट्राची चैन आहे. त्यासाठी संरक्षण मंत्रालय लागतं, निविदा लागतात, परदेशी कारखान्यांशी करार करायचा अधिकार लागतो आणि तो अधिकार मान्य करणारं जग लागतं. कुर्दांकडे यातलं पहिलंच नावापुरतं आहे.

१० जून २०१४ ला मोसुल पडलं. मराठी वर्तमानपत्रांच्या पहिल्या पानावर या शहराचं नाव त्या उन्हाळ्यात दोन कारणांनी आलं, कल्याणहून इराकला गेलेल्या चार तरुणांमुळे आणि तिथे ओलीस धरलेल्या ३९ भारतीय मजुरांमुळे. लष्करी बाजू आपल्याकडे फारशी कोणी पाहिली नाही. अमेरिकेनं उभी केलेली इराकी फौज मोसुलमधून पळाली तेव्हा सुमारे २,३०० हमवी गाड्या आयसिसच्या हाती लागल्याचं पंतप्रधान हैदर अल-अबादी यांनीच नंतर सांगितलं. अमेरिकेनं बगदादला १४० अब्राम्स रणगाडे विकले होते, त्यांतलेही काही गेले. ३ ऑगस्टला आयसिसनं सिंजार घेतलं. पेशमर्गा तिथून मागे हटले आणि तिथल्या यझिदी या अल्पसंख्य समाजावर जे ओढवलं ते ओढवलं. त्या माघारीचा डाग पेशमर्गांवर आहे आणि तो पुसायचं मला कारण नाही. पण ज्या आयसिसला सामोरं जायचं होतं, ती अमेरिकी चिलखती गाड्यांत बसून आली होती, ही बाबही त्याच हिशेबात धरली पाहिजे.

मग मदत आली. जर्मनीनं मोठ्या वादानंतर पहिल्या खेपेत ३० मिलान प्रक्षेपक आणि ५०० क्षेपणास्त्रं दिली, शिवाय हजारो रायफली. मिलान हे १९७० च्या दशकातलं रणगाडाभेदी क्षेपणास्त्र. स्फोटकं भरून भरधाव येणाऱ्या आयसिसच्या ट्रकांवर त्यानं मोठं काम केलं, पेशमर्गा अजून त्याचं नाव काढतात. रायफली, मशिनगन, हेल्मेटं, बूट, प्रशिक्षण हे सगळं आलं. रणगाडे आणि मोठ्या तोफा आल्या नाहीत. कारण सांगितलं गेलं की जड शस्त्रं सार्वभौम सरकारलाच देता येतात, म्हणजे बगदादला, आणि ती कुर्दांच्या हाती पडली तर उद्या कुठे वळतील सांगता येत नाही.

हा युक्तिवाद वरून शहाणपणाचा दिसतो, पण त्याला दोन ठिकाणी भोकं आहेत. जानेवारी २०१६ मध्ये जर्मन पत्रकारांनी दाखवून दिलं की जर्मनीनं पेशमर्गांना दिलेल्या रायफली आणि पिस्तुलं एर्बिल (इराकी कुर्दांची राजधानी) आणि सुलेमानियाच्या बाजारात विकायला आहेत. महिनोन्महिने पगार न मिळालेल्या शिपायांनी त्या विकल्या असणार. फुटतात ती हलकी शस्त्रं. रायफल गोणीत घालून नेता येते, ३६ टनांचा रणगाडा कोणी बाजारात मांडत नाही. तेव्हा शस्त्रं भलत्या हाती जातील ही खरी काळजी असती, तर ती नेमकी उलट्या क्रमानं वाटायला हवी होती. दुसरं, बगदादला दिलेले अब्राम्स कुठे गेले? इराणच्या आधारानं चालणाऱ्या हश्द अल-शाबीच्या तुकड्यांकडे जास्तीत जास्त नऊ अब्राम्स पोचल्याचं अमेरिकी संरक्षण खात्यालाच २०१८ च्या सुरुवातीला मान्य करावं लागलं. ज्या इराणला शत्रू मानायचं, त्याच्या मिलिशियाकडे अमेरिकी रणगाडा चालतो आणि आयसिसशी लढणाऱ्या पेशमर्गांकडे चालत नाही. कारण पहिला एका राष्ट्राच्या दारातून गेला. सार्वभौमत्वाचा शिक्का असला की गळती माफ होते.

कुर्दांबद्दल बोलताना ‘डोंगर हेच त्यांचे मित्र’ ही म्हण हमखास येते. ती खरी आहे, फक्त गेल्या दहा-बारा वर्षांत तिचा काहीही उपयोग नव्हता. डोंगरातल्या छापामार लढाईला रणगाडा लागत नाही, उलट तो ओझंच होतो. पण सीरियातलं कोबानी डोंगरात नाही. तिथलंच रक्का युफ्रेटिसच्या काठच्या सपाटीवर आहे, किर्कुक तेलाच्या मैदानात. आयसिसशी लढताना कुर्दांना त्यांच्या डोंगरांतून खाली बोलावण्यात आलं, पुष्कळदा ज्या गावांत कुर्द जवळजवळ नव्हतेच अशा अरब मुलखात पाठवण्यात आलं. मैदानात उतरवायचं आणि मैदानी लढाईची साधनं द्यायची नाहीत, तेव्हा उरतं काय, तर वरून अमेरिकी विमान. विमान बोलावणं दुसऱ्याच्या हातात.

सीरियाच्या बाजूला हे आणखी उघडपणे दिसलं. ऑगस्ट २०१४ मध्ये ऐन इसाजवळचा सीरियाई लष्कराच्या ९३ व्या ब्रिगेडचा तळ आयसिसनं घेतला. तिथले टी-५५ काही आठवड्यांतच कोबानीभोवती दिसू लागले. समोर वायपीजी आणि वायपीजे या सीरियाई कुर्दांच्या लढाऊ दलांची पोरं-पोरी, हातात कलाश्निकोव्ह आणि आरपीजी. पलीकडे सीमेच्या चढावर तुर्की रणगाडे रांगेत उभे, तोफांची तोंडं कोबानीकडे, आणि ते फक्त बघत होते. ऑक्टोबरच्या अखेरीस तुर्कस्ताननं परवानगी दिल्यावर साधारण दीडशे पेशमर्गा तोफा घेऊन तुर्कस्तानातूनच कोबानीत आले. एका कुर्दाला दुसऱ्या कुर्दाच्या मदतीला चार तोफा न्यायच्या तर तिसऱ्या देशाची सही लागली. जानेवारी २०१५ मध्ये कोबानी वाचलं ते मुख्यतः विमानांमुळे आणि जमिनीवर मेलेल्या शेकडो तरुणांमुळे.

त्या काळात कामिश्ली आणि सेरेकानियेच्या (म्हणजेच रास अल-ऐनच्या) कारखान्यांत ट्रक आणि बुलडोझरांवर पोलादी पत्रे वेल्ड करून चालते किल्ले बनवले जात. खिडकीच्या जागी फट, वर मशिनगन, बाहेर रंगीत झेंडे. त्यांचीही छायाचित्रं गाजली. आपल्याला असल्या जुगाडाचं भारी कौतुक, तेव्हा आपल्याकडेही ती आवडीनं पाहिली गेली. पण आतल्या माणसाचा विचार करून बघा. साधा पोलादी पत्रा रायफलीची गोळी अडवतो, टी-५५ चा गोळा अडवत नाही आणि रणगाडाभेदी क्षेपणास्त्र तर नाहीच नाही. ते वाहन अपुरेपणाची कबुली होतं आणि आत बसलेल्या विशीतल्या मुलाला ते पुरेपूर माहीत होतं.

आता १६ आणि १७ ऑक्टोबर २०१७ हे लागोपाठचे दोन दिवस घ्या. २५ सप्टेंबरला इराकी कुर्दांनी स्वातंत्र्यासाठी सार्वमत घेतलं होतं. घ्यायला नको होतं असं मलाही वाटतं, वेळ चुकीची होती आणि इराकी कुर्दांचे नेते मसूद बारझानी यांचा पक्षीय स्वार्थ त्यात उघड होता. १६ ऑक्टोबरला इराकी फौज आणि हश्दच्या तुकड्या अमेरिकी चिलखती वाहनं घेऊन किर्कुकमध्ये शिरल्या. पेशमर्गांचा एक गट आतून समझोता करून आधीच बाजूला झाला होता, उरलेल्यांना टिकता आलं नाही. आम्ही कोणाची बाजू घेत नाही, असं त्या दिवशी अमेरिकी राष्ट्राध्यक्षांनी सांगितलं. दुसऱ्याच दिवशी, १७ ऑक्टोबरला, सीरियात कुर्दांच्या नेतृत्वाखालील एसडीएफनं आयसिसची राजधानी रक्का जिंकल्याची बातमी आली आणि वॉशिंग्टनमध्ये आनंद झाला. एसडीएफच्या सांगण्यानुसार आयसिसविरोधी युद्धात त्यांची सुमारे ११ हजार माणसं गेली. ज्या लढाईत आपला फायदा तिथे कुर्द भागीदार, ज्या लढाईत त्यांचा, तिथे आपण तटस्थ.

वायपीजीला थेट शस्त्रं देण्याचा निर्णय अमेरिकेनं मे २०१७ मध्ये घेतला, तेव्हा तुर्कस्तानला शांत करण्यासाठी एक आश्वासनही दिलं. त्या जूनमध्ये संरक्षणमंत्री जेम्स मॅटिस यांनी पत्र लिहून कळवलं, की आयसिस संपल्यावर दिलेली शस्त्रं परत घेतली जातील आणि काय काय दिलं याची यादी दरमहा मिळेल. ही माहिती तुर्की अधिकाऱ्यांनीच बाहेर दिली. लग्नापुरता अंगावर घालायला दिलेला दागिना, वरात परतली की काढून घ्यायचा. मांडवात पाहुण्यांना मात्र ती घरची श्रीमंती वाटावी.

२०१९ चा प्रसंग याहून वाईट आहे. त्या ऑगस्टमध्ये अमेरिकेनं तुर्कस्तानशी सीमेवरच्या सुरक्षा पट्ट्याचा समझोता केला आणि त्यानुसार तल अब्याद ते रास अल-ऐन या टापूतल्या कुर्द तुकड्यांना जड शस्त्रं मागे घ्यायला आणि मातीचे बांध, खंदक, भुयारं बुजवायला लावलं. कुर्दांनी ते केलं. अमेरिकी सैनिक सोबत येऊन पाहणी करून गेले. ऑक्टोबरच्या सुरुवातीला अमेरिकी सैनिक तिथून हलले आणि ९ ऑक्टोबरला तुर्की फौजा नेमक्या त्याच टापूत घुसल्या. स्वतःच्या मित्राकडून तटबंदी पाडून घेऊन मग दार उघडं टाकण्याचं इतकं स्वच्छ उदाहरण अलीकडच्या इतिहासात मला दुसरं आठवत नाही. यात दगा होता की नुसता निष्काळजीपणा, यावर वाद घालता येईल. रास अल-ऐनमधून पळालेल्या कुटुंबांना त्या वादाचं काय?

यावर सहज घेतले जातील असे आक्षेप आहेत आणि ते हलके नाहीत. रणगाड्यांनी असा काय फरक पडला असता, असं कोणी विचारेल. डिसेंबर २०१६ मध्ये अल-बाबच्या लढाईत तुर्कस्तानचे जर्मन बनावटीचे लेपर्ड रणगाडे आयसिसनं क्षेपणास्त्रांनी फोडले होते. जानेवारी ते मार्च २०१८ मध्ये आफ्रिन गेलं ते तुर्की विमानं आणि ड्रोनांमुळे. तिथे वायपीजीकडे शंभर टी-७२ असते तरी ते वरून टिपले गेले असते. हे मला मान्य आहे. म्हणूनच कुर्दांना रणगाडे द्या अशी माझी मागणी नाही. रणगाडा हा मी फक्त मोजपट्टी म्हणून वापरतोय. देणारा काय देतो यापेक्षा काय कटाक्षानं देत नाही, यावरून त्याचा हेतू कळतो. जड शस्त्रं द्यायची नसतील तर त्यांच्या जागी संरक्षणाची लेखी, वेळेला उपयोगी पडणारी हमी द्यायला हवी. दोन्ही द्यायचं नसेल तर त्या लोकांना मैदानात उतरवायला नको.

तुर्कस्तानची भीती हा दुसरा मुद्दा. १९८४ पासून पीकेके या तुर्कस्तानातल्या कुर्दांच्या सशस्त्र संघटनेशी चाललेल्या संघर्षात सुमारे चाळीस हजार माणसं मेली, वायपीजी ही त्याच मुळातून आलेली, आणि तिच्या हाती तोफा आल्या तर अंकारानं स्वस्थ का बसावं? हा प्रश्न रास्त आहे. पण तो २०१४ मध्येही तितकाच रास्त होता. उत्तर माहीत असताना अमेरिकेनं वायपीजीशी भागीदारी केली आणि तुर्कस्तानला सांगितलं की ही तात्पुरती आहे, कुर्दांना सांगितलं की आम्ही तुमच्या पाठीशी आहोत. दोन्ही वाक्यं एकाच वेळी खरी असणं शक्य नव्हतं. कोणतं खोटं होतं ते २०१९ मध्ये कळलं.

सर्वांत अवघड आक्षेप कुर्दांच्या घरातला आहे. ३१ ऑगस्ट १९९६ ला सद्दामचे रणगाडे एर्बिलमध्ये शिरले ते जबरदस्तीनं नव्हे. मसूद बारझानींच्या केडीपी या पक्षानं जलाल तालबानींच्या पीयूके या प्रतिस्पर्धी पक्षाला हुसकावण्यासाठी त्यांना बोलावलं होतं. अन्फालला आठ वर्षंसुद्धा झाली नव्हती. पेशमर्गांचे आजही दोन मोठे गट आहेत, केडीपीचं ८० क्रमांकाचं दल आणि पीयूकेचं ७० क्रमांकाचं. मंत्रालयाच्या हुकमाखाली सगळे यावेत म्हणून वर्षानुवर्षं सुधारणा चालू आहेत आणि त्या रखडतच आल्या आहेत. अशांच्या हाती जड शस्त्रं द्यायची कशी? मला वाटतं, या मुद्द्यावर कुर्द नेत्यांना जेवढं झोडपावं तेवढं थोडं. लोकांचं रक्त आणि दोन घराण्यांची दुकानं, असा तो संसार आहे. पण मदत देणाऱ्यांनीही हा दुभंग कमी केला नाही. वर्षानुवर्षं गुप्तहेर खात्यांनी पैसा आणि शस्त्रं पक्षांच्याच हाती दिली, कारण पक्षाशी व्यवहार लवकर होतो, संस्थेशी होत नाही. एप्रिल २०१६ मध्ये अमेरिकेनं ४१ कोटी ५० लाख डॉलरची मदत जाहीर केली, पगार आणि अन्नधान्यासकट, आणि जुलैमध्ये पेशमर्गा मंत्रालयाशी करार केला. तोवर बराच उशीर झाला होता. तरी तो मार्ग योग्य होता, आणि पगार बँकेतून शिपायाच्या खात्यात टाकायची अट अधिक आधी आणि अधिक सक्तीनं घातली असती तर पक्षांची पकड थोडी तरी सैल झाली असती.

ऑगस्ट २०२४ मध्ये अमेरिकेनं पेशमर्गांना १०५ मिलिमीटरच्या २४ हॉवित्झर तोफा दिल्या. या तोफा हलक्या जातीच्या, गाडीमागे ओढून नेता येतील अशा. तरी बगदादमध्ये केवढा गहजब झाला! किर्कुकच्या तुर्कमेन आणि अनेक शिया नेत्यांनी विचारलं, या कोणावर रोखणार? २०१७ नंतर तो प्रश्न त्यांना पडणं स्वाभाविक आहे. त्याचं उत्तर तोफांच्या संख्येत मिळणार नाही. इराकच्या राज्यघटनेचं १४० वं कलम किर्कुकसह वादग्रस्त भागांचा निर्णय २००७ च्या अखेरपर्यंत लावायला सांगतं. तो लागलाच नाही. बगदादला तो लावायचा नव्हता, एर्बिलला तेलाचे दिवस बरे चालले होते आणि अमेरिकेला भांडण लांबणीवर टाकणं सोयीचं होतं. तो निर्णय लागल्याखेरीज पेशमर्गांकडची प्रत्येक तोफ बगदादला धमकी वाटणार आणि बगदादचा प्रत्येक रणगाडा एर्बिलला.

सीरियात १० मार्च २०२५ ला एसडीएफचे मझलूम अब्दी आणि हंगामी राष्ट्राध्यक्ष अहमद अल-शरा यांनी दमास्कसमध्ये करारावर सह्या केल्या. एसडीएफनं राष्ट्रीय सैन्यात विलीन व्हायचं, असं त्यात ठरलं. त्यानंतर कित्येक महिने गाडं अडलं ते एकाच जागी. तुकड्या आपल्या अधिकाऱ्यांसह, शस्त्रांसह एकसंध जाणार की माणसं एकेकटी भरती होणार? दमास्कसला दुसरं हवं होतं, कुर्दांना पहिलं. वॉशिंग्टनचे दूत एक देश, एक सैन्य असं बजावत राहिले. तत्त्व म्हणून त्यात चूक काहीच नाही. फक्त १९७५ मध्ये ज्यांचा तोफखाना एका सहीनं मागे फिरला, २०१९ मध्ये ज्यांनी दुसऱ्याच्या शब्दावर आपले बांध स्वतः बुजवले, त्यांनी शस्त्रं आधी ठेवायची आणि हमी नंतर मागायची, असा क्रम लावणाऱ्यांनी तो क्रम उलटा का लावता येत नाही, याचं एक तरी कारण सांगायला हवं होतं.